तुळशीला तीन प्रदक्षिणा: फोनच्या फोटोंपासून हातातल्या प्रतिकृतीपर्यंत

"कितें रे, तुळशीक प्रदक्षिणा घालता मरे?"

काकी सोप्यावर बसून सुपाऱ्या सोलत होती. मी हातात फोन धरून वृंदावनाभोवती अर्धं अर्धं पाऊल सरकत होतो, दर थांब्याला एक फोटो. तिचं काही चुकलं नव्हतं. त्या सकाळी मी खरोखरच तीन फेऱ्या घातल्या: एक गुडघ्याच्या उंचीवरून, एक छातीच्या, एक डोक्यावर हात ताणून.

गोव्यात अंत्रुज महालातलं, म्हणजे फोंड्याकडचं, आमचं जुनं घर सध्या वाटणीत आहे, आणि समोरचा रस्ता रुंद झाला की अंगणाची कड जाणार. वृंदावन चार फुटांचं, आत चिरा (जांभा दगड), वर चुन्याचा गिलावा, त्यावर कित्येक दिवाळ्यांच्या रंगांचे थर. ते अख्खं उचलून दुसरीकडे नेता येत नाही. चिरा हलला की गिलावा पापडासारखा सुटतो. भावंडं पाच, एक मडगावला, दोन पुण्यात, एक दोह्यात आणि मी. प्रत्येकाला ते वृंदावन हवं. म्हणून ठरलं की त्याची त्रिमितीय नोंद करून ठेवायची आणि प्रत्येकाला १२ सेंटीमीटरची प्रतिकृती छापून द्यायची. माझे पहिले दोन प्रयत्न फसले. पुढे लिहिलंय ते बरंचसं त्या दोन प्रयत्नांची कमाई आहे.

आधी ठरवा: साल हवी की गरे?

फणस समोर आहे असं समजा. त्याचे चहूबाजूंनी फोटो काढून संगणकाला दिले तर तो काट्यांसकट सालीचा आकार बांधून देईल. आत गरे किती, आठळ्या कुठे, हे त्याला कळणार नाही. फोटोंवरून आकार काढण्याच्या या तंत्राला फोटोग्रामेट्री म्हणतात, आणि त्यातून मिळतं ते लाखो छोट्या त्रिकोणांचं जाळं. इंग्रजी शब्दच रुळलाय, मेश. मेश म्हणजे पोकळ अंड्याचं कवच.

दुसरा प्रकार घनफळाचा. इथे जागेचे बारीक चौकोनी तुकडे पाडतात आणि प्रत्येक तुकड्यात काय आहे याची नोंद ठेवतात. सपाट चित्रात जसा पिक्सेल, तसा घनात व्हॉक्सेल. सीटी स्कॅन हे याचं सगळ्यांच्या माहितीतलं उदाहरण. तिथे न कापता गरे दिसतात. "थ्रीडी स्कॅन" हा एकच शब्द दोन्हींना वापरला जातो आणि तिथूनच अर्धे घोळ होतात.

तिसरी गोष्ट गेल्या काही वर्षांतली. २०२३ साली गाउसियन स्प्लॅटिंग नावाची पद्धत आली. तिच्यात जाळं नसतं, तर हवेत तरंगणारे लाखो मऊ, रंगीत, अर्धपारदर्शक ठिपके असतात. तुळशीची पानं, समईची चमक, काचेवरचं प्रतिबिंब, जे जे मेशला जमत नाही ते इथे डोळ्यांना इतकं खरं दिसतं की हात पुढे करावासा वाटतो. पण ते छापता येत नाही, कारण धरायला पृष्ठभागच नाही.

म्हणून पहिला फोटो काढण्याआधी शेवट ठरवा. नुसतं पडद्यावर फिरवून बघायचं असेल तर स्प्लॅट. हातात हवं असेल तर मेश. मापं घ्यायची असतील, उद्या गवंड्याला दाखवून नवं बांधून घ्यायचं असेल, तर मेश आणि त्यात खात्रीचं माप. आतलं हवं असेल तर फोनचा उपयोग नाही. सुदैवाने स्प्लॅट आणि मेश दोन्ही एकाच फोटोसंचातून निघतात, त्यामुळे फोटो नीट काढले तर मत बदलायची सोय राहते.

पहिली पायरी: दिवस आणि वेळ

मी पहिल्यांदा तुळशीच्या लग्नानंतर फोटो काढले. व्हडली दिवाळी (आमच्याकडे तुळशीच्या लग्नालाच म्हणतात) झालेली, वृंदावन नव्या रंगात चकचकीत. म्हटलं, यापेक्षा चांगला मुहूर्त कुठला? संगणकाने निकाल दिला तो वितळलेल्या मेणबत्तीचा. कारण साधं आहे. हे तंत्र दोन फोटोंमधल्या सारख्या खुणा जुळवत जातं: एखादी भेग, शेवाळाचा डाग, रंगाचा उडालेला टवका. ताज्या रंगाच्या सपाट भिंतीवर जुळवायला खूणच नसते. जे आपल्याला घाण वाटतं तेच याला हवं असतं. म्हणून रंगकाम व्हायच्या आधी, पाऊस सरल्यावरच्या दिवसांत फोटो काढा. ऊस, आवळा-चिंचेच्या फांद्या, माळा असं काहीही वर नको.

पावसाळ्यातला ढगाळ उजेड खरं तर उत्तम, सावली पडत नाही. पण ओला चिरा काळपट होतो आणि चमकतो, नि चमक हा या कामातला मोठा शत्रू. दोन-तीन कोरडे दिवस गेल्यावरची ढगाळ सकाळ मिळाली तर सोडू नका. ऊन असेल तर सूर्य माडांच्या वर यायच्या आत काम उरका. दुपारी बारा वाजता काढलेल्या माझ्या दुसऱ्या संचात माझीच सावली वृंदावनावरून फिरत होती. ती संगणकाने इमानेइतबारे रंगात चिकटवून दिली, आणि वृंदावनाच्या उन्हातल्या बाजूवर माझं डोकं उमटलं.

दुसरी पायरी: प्रदक्षिणा

फोन चांगला हवा, महागडा नको. १२ मेगापिक्सेल पुरेसे आहेत. नेहमीची मुख्य लेन्स वापरा. अतिरुंद लेन्स कडा वाकवते, आणि झूम केलं की फोन मधेच लेन्स बदलतो. पोर्ट्रेट मोड, सौंदर्य-फिल्टर, फ्लॅश, सगळं बंद. पडद्यावर बोट दाबून धरलं की बहुतेक फोनमध्ये फोकस आणि उजेड कुलूपबंद होतात, ते करा. नाहीतर पूर्वेची बाजू पिवळी आणि पश्चिमेची निळी येते.

आता अंतर. मुख्य लेन्सने दीड मीटरवरून साधारण दोन मीटर रुंदीचा पट्टा दिसतो. १२ मेगापिक्सेलच्या फोटोची रुंदी ४,००० पिक्सेल. म्हणजे एका पिक्सेलच्या वाट्याला सुमारे अर्धा मिलिमीटर येतो. गिलाव्यावरच्या केसासारख्या भेगा हव्या असतील तर याहून जवळ जावं लागेल, पण मग फोटो वाढतील. मी दीड मीटरवरून तीन फेऱ्या घातल्या, प्रत्येक फेरीत ३६ फोटो, म्हणजे दर १० अंशांवर एक. शिवाय चारही कोनाड्यांचे आणि वरच्या कठड्याचे जवळून मिळून ४०. सगळे मिळून १४८.

नियम लक्षात ठेवायचा तो एवढाच की लागोपाठच्या दोन फोटोंत निदान ७० टक्के भाग सारखा दिसला पाहिजे, आणि दगडावरचा प्रत्येक ठिपका कमीत कमी तीन फोटोंत यायला हवा. एका जागी उभं राहून फोन फिरवू नका. आपण स्वतः सरकायचं. दोन डोळ्यांमधल्या अंतरामुळे आपल्याला खोली कळते, तसंच इथे दोन फोटोंमधल्या जागेच्या फरकामुळे खोली कळते. जागा बदललीच नाही तर खोली कुठून येणार? कोनाड्याचे जवळून फोटो घेतानाही एकदम उडी मारू नका. दीड मीटर, मग एक मीटर, मग अर्धा, असं चालत आत शिरा. नाहीतर त्या कोनाड्याचे फोटो बाकीच्यांना ओळखच देत नाहीत.

एक गोष्ट लोक हमखास विसरतात. फोटोंवरून आकार कळतो, आकारमान कळत नाही. चार फुटांचं वृंदावन आणि त्याची चार इंची प्रतिकृती संगणकाला सारखीच. म्हणून शेजारी मापाची खूण ठेवा. मी एका सागवानी पट्टीवर बरोबर ५० सेंटीमीटर अंतरावर दोन काळ्या फुल्या मारल्या आणि ती चौथऱ्याला टेकवून ठेवली. दुसरी तशीच पट्टी आडवी दुसऱ्या बाजूला, पडताळ्यासाठी. काम संपेपर्यंत त्यांना हात लावायचा नाही. मांजरानेसुद्धा नाही, हे मला तिसऱ्या फेरीत कळलं.

तुळशीच्या रोपाचं काय? वारा असला की ते प्रत्येक फोटोत वेगळं. मेशमध्ये त्याचा हिरवा गोळा होतो. तो गोळा नंतर कापून टाकायचा आणि रोपासाठी स्प्लॅट ठेवायचा, एवढंच हातात आहे.

समई, तांब्या, देवाचा टाक अशा चकचकीत वस्तूंना या तंत्राने हात घालू नका. स्वतःच्या साध्या भांड्यावर टाल्कम पावडरचा पातळ थर मारून चमक घालवता येते, पण पूजेतल्या किंवा रंगवलेल्या जुन्या वस्तूवर मुळीच नाही. वस्तू छोटी असेल आणि ती फिरत्या पाटावर ठेवून फोटो काढत असाल तर मागे कोरं कापड लावा. पार्श्वभूमी स्थिर आणि वस्तू फिरतेय असं दिसलं की प्रणाली पार्श्वभूमीवर विश्वास ठेवते, आणि तुमच्या वस्तूऐवजी मागच्या कपाटाचा आकार बांधून देते.

लायडार असलेला फोन किंवा टॅब असला तर? २०२० च्या आयपॅड प्रो आणि आयफोन १२ प्रोपासून ही सोय आहे. पाच मीटरपर्यंतचं अंतर तो प्रकाशाने मोजतो. खोली, सोपा, अंगणाचा नकाशा यांना झकास. कोरीवकामाला निरुपयोगी, तिथे त्याची नजर फार ढोबळ.

तिसरी पायरी: फोटोंपासून आकार

सोपा रस्ता फोनमधल्या अ‍ॅपचा. पॉलिकॅम, किरी इंजिन, स्कॅनिव्हर्स यांपैकी काहीही घ्या. पहिल्या दोघांना फोटो दिले की तासाभरात मेश हातात येतो, तिसरं स्प्लॅटसाठी छान. हौस असेल तर संगणकावर करा. मेशरूम मोफत आणि मुक्त आहे, पण त्याच्या घट्ट जाळ्याच्या टप्प्याला एनव्हिडियाचं ग्राफिक्स कार्ड लागतं. एपिक गेम्सचं रिअ‍ॅलिटीस्कॅन वेगवान आहे आणि वर्षाला १० लाख डॉलरपेक्षा कमी मिळकत असणाऱ्यांना मोफत. आपण सगळे त्यात बसतो.

आत काय चालतं ते माहीत असलं तर चूक कुठे झाली हे ओळखता येतं. आधी प्रत्येक फोटोतल्या हजारो खुणा शोधल्या जातात. मग त्या फोटोफोटोंत जुळवल्या जातात. त्यावरून प्रत्येक फोटो कुठे उभं राहून काढला हे उलट गणिताने निघतं, आणि पडद्यावर वृंदावनाभोवती छोट्या कॅमेऱ्यांची तीन कडी दिसतात. इथे थांबा आणि नीट बघा. कडी पूर्ण गोल आहेत का? १४८ पैकी किती कॅमेरे जुळले? दहा-पंधरा गळले तर हरकत नाही. पण कडं एका बाजूला तुटलं असेल, किंवा एकाच वस्तूचे दोन वेगळे तुकडे दिसत असतील, तर पुढची गिरणी चालवण्यात अर्थ नाही. त्या बाजूला फोटो कमी आहेत. संध्याकाळ झाली नसेल तर परत अंगणात जा. हे तपासायला पाच मिनिटं लागतात, आणि याच्या पुढच्या टप्प्याला माझ्या जुन्या संगणकावर रात्र लागते.

रात्र म्हटली की वीज आलीच. मेशरूम प्रत्येक पूर्ण झालेला टप्पा साठवून ठेवतं, त्यामुळे वीज गेली तरी अर्धवट टप्प्यापासून पुन्हा सुरू करता येतं. आमच्या वाड्यावर या गुणाची किंमत कळते.

जाळं तयार झालं की एक गंमत करून बघा. रंग काढून टाका. मेशलॅब किंवा ब्लेंडर या मोफत प्रणालींमध्ये रंगाचा थर बंद करून नुसता राखाडी आकार ठेवा आणि उजेड एका बाजूने, अगदी खालून तिरपा टाका. मी हे केलं तेव्हा पश्चिमेच्या बाजूवर, कोनाड्याच्या वर, एक आठ पाकळ्यांचं कमळ उमटलं. रंगांच्या थरांखाली ते इतकं बुजलं होतं की घरात कुणालाच ठाऊक नव्हतं. काकीने पडद्यावर बोट ठेवून पाकळ्या मोजल्या, मग उठून बाहेर जाऊन वृंदावनावर हात फिरवून पाहिला. हाताला काहीच लागत नाही म्हणाली.

सांगे तालुक्यात कुशावती नदीच्या काठी उसगाळीमळला जांभ्या सपाटीवर कोरलेली चित्रं आहेत, बैल आहेत, चक्रव्यूहासारखी आकृती आहे. भर दुपारी ती जवळजवळ दिसत नाहीत, कारण खोबणी उथळ आहे. अशा ठिकाणी या तंत्राचं खरं मोल कळतं. सूर्य कलायची वाट न बघता आपण पडद्यावर सूर्य हवा तिथे नेतो. मात्र खडूने रेषा गिरवू नका, पाणी ओतू नका, आणि संरक्षित जागी ट्रायपॉड लावण्याआधी परवानगी विचारा.

चौथी पायरी: साफसफाई आणि माप

ब्लेंडरमध्ये आजूबाजूचं अंगण, पट्ट्या, हिरवा गोळा कापून टाका. पट्टीवरच्या दोन फुल्यांमधलं अंतर मोजा आणि ते ५० सेंटीमीटर होईल असा सगळा आकार वाढवा. मग दुसऱ्या पट्टीवर ताडून बघा. माझं दुसरं माप ४९.८ आलं. गवंड्याला एवढं चालतं.

छपाईसाठी आकार सगळीकडून बंद असावा लागतो. पाणी भरलं तर गळू नये असा. तळ सपाट करून बुजवा, वर रोपाच्या जागी पडलेलं भोक झाका. ब्लेंडरमधलं थ्रीडी प्रिंट टूलबॉक्स नावाचं जोडसाधन उघड्या कडा दाखवतं. त्रिकोण लाखोंनी असतील तर कमी करा. १२ सेंटीमीटरच्या प्रतिकृतीला पाच लाख त्रिकोण खूप झाले.

आता एक फसगत, जी प्रत्येकाची एकदा होते. छपाईला द्यायच्या एसटीएल फाईलमध्ये आकडे असतात, एकक नसतं. ब्लेंडरमधला एक मीटर छपाईच्या प्रणालीत एक मिलिमीटर होतो. मी फाईल उघडली तर प्रिंटरचा पाट रिकामा. अर्धा तास डोकं खाजवल्यावर मधोमध एक ठिपका सापडला. तेच आमचं वृंदावन, १.२ मिलिमीटर उंच. बाहेर काढताना १,००० ने गुणा, किंवा एकक सोबत घेऊन जाणारी थ्रीएमएफ फाईल वापरा.

या सगळ्यात मूळ १४८ फोटो कधीही पुसू नका. साधारण अर्धा जीबी जागा जाते, जाऊ दे. पाच वर्षांनी प्रणाली सुधारतील आणि त्याच फोटोंतून आजच्यापेक्षा चांगलं वृंदावन निघेल. अ‍ॅपमधली लिंक म्हणजे जतन नव्हे. फोटो, रंगासकट ओबीजे फाईल आणि मापं लिहिलेला एक साधा मजकूर, हे तीन जागी ठेवा. त्यातली एक जागा दुसऱ्या गावात असावी.

पाचवी पायरी: छपाई, आणि गोव्याची हवा

घरगुती प्रिंटर दोन जातींचे. एक प्लास्टिकची तार वितळवून थरावर थर रचतो. दुसरा पातळ रेझिन अतिनील उजेडाने थराथराने घट्ट करतो. चार फुटांचं १२ सेंटीमीटर म्हणजे दहास एक. मूळ वृंदावनावरची तीन मिलिमीटरची भेग प्रतिकृतीत ०.३ मिलिमीटर होते, आणि तारवाल्या प्रिंटरची चोचच, जिथून वितळलेली तार बाहेर पडते ती, ०.४ मिलिमीटरची. म्हणजे ती भेग गेली. कमळ तर गेलंच. मी शेवटी कमळाची खोली ब्लेंडरमध्ये तिपटीने वाढवली. ही लबाडी आहे, पण तशी नोंद फाईलमध्ये लिहून ठेवली आहे. बारीक काम जसंच्या तसं हवं तर रेझिनकडे जा.

तारेसाठी पीएलए नावाचं प्लास्टिक घ्या. २१० अंशांच्या आसपास चोच, ६० अंश पाट, थर ०.१२ मिलिमीटर, भिंतीच्या तीन रेघा, आत १० ते १५ टक्के भराव. कोनाड्यांच्या कमानींखाली झाडासारखे आधार लावा, ते सहज मोडून निघतात. वृंदावन उभंच छापा.

पुस्तकी मार्गदर्शक इथे संपतात, गोव्यातला त्रास इथे सुरू होतो. ही तार हवेतलं पाणी पिते. जुलैत उघडी राहिलेली रीळ छापायला घेतली की चोचीतून फट्‌ फट्‌ असा आवाज येतो, तारेतलं पाणी वाफ होऊन फुटतं. प्रतिकृतीवर कोळ्याच्या जाळ्यासारखे धागे आणि फोड. प्रिंटर बिघडला म्हणून मी दोन चोची बदलल्या. दोष रिळीचा होता. पीएलए ४५ ते ५० अंशांवर चार-सहा तास वाळवा; वाळवणीचा डबा मिळतो, तो घ्या. स्वयंपाकाचा ओव्हन वापरू नका, त्याचं तापमान वर उसळतं आणि रीळ एका ढेकळात जमा होते. वाळवल्यावर घट्ट झाकणाच्या डब्यात सिलिका जेलसोबत. पापड-सांडगे जसे ठेवतो तसेच.

रेझिनबद्दल एकच कडक गोष्ट. ते त्वचेला आणि फुप्फुसांना घातक आहे. नायट्राइल हातमोजे, उघडी खिडकी, मुलं दूर. प्रतिकृती आयसोप्रोपिल अल्कोहोलमध्ये धुवायची आणि अतिनील उजेडात पक्की करायची. धुतलेलं पाणी किंवा अल्कोहोल मोरीत ओतू नका. आपल्या मोऱ्या आणि विहिरी यांच्यात फार अंतर नसतं. रेझिनचा गाळ उन्हात पूर्ण घट्ट होऊ द्या, मगच टाका.

प्रिंटर घ्यायलाच हवा असं नाही. पणजी-मडगावकडे छापून देणारे आहेत, फाईल नीट असली म्हणजे झालं.

दाखवायचं असेल तर: ट्रिकसीन आणि खरा घन

जत्रेतल्या पौराणिक नाटकांच्या फलकांवर "ट्रिकसीनसह" असं ठळक लिहिलेलं असायचं. आता चवथीच्या मंडपात "होलोग्राम" लिहितात. दोन्हींच्या मुळाशी बऱ्याचदा एकच जुनी युक्ती असते. जॉन हेन्री पेपरने १८६२ साली लंडनमध्ये तिरप्या काचेतून रंगमंचावर भूत आणलं, तिला पेपरचं भूत म्हणतात. खरा होलोग्राम वेगळा. डेनिस गॅबोरने १९४७ साली त्याची कल्पना मांडली आणि १९७१ साली त्याला नोबेल मिळालं. त्यात प्रकाशलहरींचीच नोंद असते. मंडपात तो नसतो. एलईडीचा फिरता पंखा असतो तोही नव्हे; ते हवेत तरंगल्यासारखं सपाट चित्र आहे, बाजूने बघा म्हणजे कळेल.

तरी पेपरचं भूत घरी करायला मजा येते. पारदर्शक प्लास्टिकचे चार समलंब चौकोन कापा: एक बाजू ६ सेंटीमीटर, समोरची १, उंची ३.५. चिकटवून उलटा मनोरा करा, अरुंद तोंड खाली, फोनच्या पडद्याच्या मध्यावर. पडद्यावर चार बाजूंना वृंदावनाची चार फिरती चित्रं, पाया मध्याकडे आणि शेंडा बाहेर. भिंती ४५ अंशांत कलल्या की चित्र मधोमध उभं राहतं. मागे काळं आणि खोलीत अंधार हवा.

डोळ्यांना खरी खोली देणारे पडदेही आहेत. लुकिंग ग्लास कंपनीचा पडदा एकाच वेळी अनेक कोनांतून वेगवेगळी चित्रं सोडतो, त्यामुळे डोकं हलवलं की वृंदावनाची बाजू दिसते, चष्म्याशिवाय. ऑस्ट्रेलियातल्या अ‍ॅडलेडची व्हॉक्सन कंपनीच्या एका यंत्रात पडदा वेगाने वरखाली हलतो, त्यावर आडवे काप फेकले जातात आणि डोळ्याला घन दिसतो. १९९६ साली स्टॅनफर्डच्या एलिझाबेथ डाउनिंगने काचेच्या ठोकळ्यात अदृश्य लेझरचे दोन किरण एकमेकांना छेदतील तिथेच ठिपका उजळेल असं करून दाखवलं. मला ही कल्पना सगळ्यांत सुंदर वाटते. २०१८ साली अमेरिकेतल्या ब्रिगहॅम यंग विद्यापीठात लेझरने हवेत धरलेला एक कण इतक्या वेगाने फिरवला की त्याची रेघ हवेतच चित्र झाली. चित्र नखाएवढं होतं, पण कुठूनही बघा, खरं.

आपल्या आवाक्यातला खरा घन मात्र भेटवस्तूंच्या दुकानात सापडतो. काचेच्या ठोकळ्यात चेहरा कोरून देतात, तो. हिरव्या लेझरचे झटके काचेच्या आत एका बिंदूवर एकवटतात आणि तिथे सूक्ष्म तडा जातो. असे हजारो तडे म्हणजे चित्र. दुकानदार फोटो मागेल. त्याला फोटोऐवजी आपला मेश देता येईल का विचारा. माझ्या दोह्याच्या भावाला प्लास्टिक नको होतं, त्याला असा ठोकळा दिला. पाचही प्रतींत तोच सर्वांत देखणा निघाला, हे इतरांना सांगितलेलं नाही.

माणसं टिपायची असतील, अंगणातली फुगडी समजा, तर प्रत्येक क्षणाचे सगळ्या बाजूंचे फोटो एकाच वेळी लागतात. मायक्रोसॉफ्टच्या टिपण-स्टुडिओत त्यासाठी १०६ कॅमेरे होते. घरी सोडून द्या.

गरे हवे असतील तर

भाच्याचं मनगट मोडलं तेव्हा त्याच्या सीटी स्कॅनची सीडी घरात आली, आणि घनफळाचं काम एकदा हातून करायला मिळालं. गॉडफ्री हाउन्सफील्डच्या यंत्राने १९७१ साली पहिल्या रुग्णाच्या डोक्याचे काप काढले. त्याच्याच नावाचं एकक आजही वापरतात. पाणी ० , हवा उणे १,०००, हाड काही शेकड्यांच्या वर. थ्रीडी स्लायसर ही मोफत प्रणाली घ्या, सीडीतल्या डायकॉम फाईली (स्कॅनचे काप ज्यात असतात त्या) उघडा, २५० च्या वरचं सगळं निवडा. मनगट हवेत उभं राहतं. तिथून त्याचा मेश काढायचा, पुढचा रस्ता वृंदावनाचाच.

दोन सूचना. तपासणी केंद्राने दिलेल्या सीडीत काप पाच मिलिमीटर जाडीचे होते, म्हणून हाडांना जिन्यासारख्या पायऱ्या आल्या. बारीक काप यंत्रात असतात, एक मिलिमीटरचे आहेत का विचारून घ्या. आणि या फाईलींत रुग्णाचं नाव, वय, तारीख सगळं असतं. ऑनलाइन कुठेही टाकण्याआधी ते काढा. छापलेल्या हाडावरून निदान करणं आपलं काम नाही.

हेच सीटीचं गणित उलटं फिरवून छपाईही होते. २०१९ साली बर्कलीच्या संशोधकांनी फिरत्या बरणीतल्या रेझिनवर चहूबाजूंनी चित्रं फेकून पूर्ण वस्तू दोन मिनिटांच्या आत एकदम घट्ट केली, थर नाहीत, आधार नाहीत. वस्तू काही सेंटीमीटरच्या. दुकानात यायला अवकाश आहे, पण तुम्ही आज काढलेला मेश तिथेही चालेल.

आमच्या पहिल्या प्रतिकृतीवर मात्र एक प्रयोग झाला. मी ती काकीला दिली त्या संध्याकाळी तिने कापसाची बोटभर वात वळली, तेलात बुडवली आणि पश्चिमेच्या कोनाड्यात, वाढवलेल्या कमळाखाली, लावली. पीएलए ६० अंशांच्या आसपास मऊ पडतो. मी ओरडेपर्यंत कमान खाली बसली होती. ती प्रत बदलून देतो म्हटलं तर नको म्हणाली. आता ती देवघरात आहे, कोनाडा डावीकडे कललेला, आत काजळीचा टिपका. बाकीच्या चौघांना देताना मी तळाशी कोरून टाकलं: वात लावू नये.